उत्तरेची सावली

कुठल्याही खोलीत शिरल्यावर मुहंदिस आधी माणसांकडे बघायचे नाहीत, भिंतीकडे जायचे. सरळ जाऊन तिच्यावर तळवा टेकवायचे, आपण तापलेल्या पोराच्या कपाळावर टेकवतो तसा. मग मान डोलवायची किंवा 'च्च' करायचं, आणि त्यानंतर वळून नमस्कार-चमत्कार. आमच्या फिजिओथेरपीच्या खोलीत पहिल्यांदा आले तेव्हाही तेच. मी स्टूल पुढे केलं, नाव विचारलं, आणि हे गृहस्थ वॉकर ढकलत थेट पलीकडच्या भिंतीपाशी. हात लावला, च्च केलं, आणि मग पंच्याऐंशी ओलांडलेला, पिकलेल्या मिशांचा, भर उन्हाळ्यात कोट घातलेला तो गोरा माणूस मला म्हणाला, "काय गो बाय, तू हितं कशाला बसतंस? हा खोली सामानाचा हाय."

मी उदगीरची. कोकणातली बोली आधीच माझ्या कानाला लांबची, आणि ती फ्रेंच नाकातून आलेली ऐकून मला हसावं की घाबरावं कळेना. त्यांच्यामागे पिशवी धरून हुसेनभाई उभा होता, राजापूरकडचा. त्यांचा ड्रायव्हर, स्वयंपाकी, आणि औषधाच्या गोळ्यांपासून बुटांच्या नाड्यांपर्यंत सगळंच. तो ओशाळून म्हणाला, "ताई, राग धरू नका. साहेबांना आमच्याकडनं तेवढीच भाषा मिळाली. आनी खोली सामानाचीच हाय ओ. ही बिल्डिंग त्यांनीच बांधलान."

फाइलीवर त्यांचं नाव एमिल असं होतं, पुढे एक लांबलचक आडनाव. पण त्या नावाने त्यांना कुवेतमध्ये कुणी हाक मारल्याचं मी ऐकलं नाही. अरबीत इंजिनियरला मुहंदिस म्हणतात, आर्किटेक्टलाही तेच. फरवानियातल्या आमच्या क्लिनिकचा म्हातारा वॉचमन, समोरचा चहावाला, मालक, सगळे त्यांना मुहंदिसच म्हणायचे. मग मीही म्हणू लागले. खुब्याचं हाड मोडून जोडलेलं होतं, पाय आखडला होता. आठवड्यातून दोनदा यायचे. असं दोन-अडीच वर्षं चाललं.

माझा धंदाच माणसांना हलायला लावण्याचा. गुडघा वाकवा, पाय उचला, अजून थोडं, हला हो, हला. बहुतेक म्हातारे कुरकुरतात. मुहंदिस कुरकुरायचे नाहीत, पण बदल्यात मला शिकवायचे. पाय वर-खाली करता करता बोटाने छत दाखवायचे. "तो पंखा बंद कर. बघ, वारा कुठून येतो." आणि खरंच त्या दाराखालून एक बारीक झुळूक पायाला लागायची. मग एसीशिवायही ही खोली कशी गार ठेवता आली असती, यावर व्याख्यान. त्यांच्या मराठीत सगळ्या वस्तू पुल्लिंगी होत्या. तो खिडकी, तो भिंत, तो सावली. एकदा मी म्हटलं, "मुहंदिस, सावली 'ती' असते." ते म्हणाले, "माझा सावली आहे, मी ठरवंल." तो विषय तिथेच संपला.

त्यांनी तिसऱ्याच दिवशी पेशंटची खाट हलवायला लावली. मी दोन वर्षं त्या खोलीत घाम पुसत होते, आणि खाट फक्त एका भिंतीवरून दुसऱ्या भिंतीला गेली तर दुपार सुसह्य झाली. मी आभार मानले तर गुरगुरले. "आभार कसलं? चूक माझाच होता. मला काय म्हाईत, हितं मालक बाय बसवंल."

आमच्या इमारतीची खरी गंमत मात्र बाहेर होती, आणि ती मला बरीच उशिरा कळली. क्लिनिकचा दर्शनी भाग उत्तरेकडे होता, रस्त्याच्या बाजूला. त्या भिंतीला चांगला पुरुषभर खोल छज्जा होता आणि छज्ज्याखाली या टोकापासून त्या टोकापर्यंत एक ओटा. साधा, घोटून गुळगुळीत केलेला, बसलं की पाठ आपसूक भिंतीला टेकेल असा. त्याच्यापुढेच बसथांबा. थांब्याला शेड नव्हती, कुणाला लागलीही नसावी. जलीबच्या कामगार-वस्तीला जाणारी माणसं, हातात डबे, खांद्यावर पिशव्या, त्या ओट्यावर ओळीने बसलेली असायची. गड्यांच्या खोल्यांत दहा-दहाजण झोपणारी ती माणसं तिथे बसून गावी फोन लावायची, एकमेकांना संत्री सोलून द्यायची. मी रोज त्यांच्या पायांवरून ओलांडून आत जायचे आणि मला वाटायचं, ओटा आहे, कुवेतमध्ये जुन्या घरांना असतो तसाच. तो कुणीतरी मुद्दाम, भांडून ठेवलाय, हे डोक्यातही आलं नव्हतं.

भांडणाची हकीगत हुसेनभाईने सांगितली. तो तेव्हा नुकताच कुवेतला आला होता, अंगात शर्ट आणि खिशात चुलत्याचा पत्ता, एवढंच सामान. मुहंदिसांकडे चुन्याची बादली धरायचं काम मिळालं. "मला वाटलं रांगोळी काढायची हाय," तो म्हणाला. जवळपास तसंच होतं. मुहंदिस कागदाला हात लावण्याआधी जागेवर जायचे. बांबू रोवून, मनात असेल त्या उंचीवर ताडपत्री ताणायची, आणि मग दिवसभर तिच्या सावलीच्या कडेने जमिनीवर चुन्याची रेघ ओढत राहायचं. सकाळची वेगळी, दुपारची वेगळी, संध्याकाळची वेगळी. आधी सावली काढायची, मग ती पाडेल अशी भिंत शोधायची, असा तो उफराटा कारभार. रेघांचं जाळं झालं की त्यात एक जागा उरायची, जिथून सावली हलत नाही. ती जागा मुहंदिस मालकाला द्यायचे नाहीत, रस्त्याला द्यायचे.

मालकांना हे पटण्यासारखं नव्हतंच. पैसा आमचा, जमीन आमची, आणि थंडावा वाटसरूंना? आमच्या क्लिनिकचे जुने मालक अबू नासर हेही तणतणत आले होते. मुहंदिसांनी वाद घातला नाही. जुलै महिना होता. त्यांनी आपली खुर्ची उचलली आणि चुन्याच्या रेघेबाहेर, उन्हात मांडली. दुसरी खुर्ची रेघेच्या आत मांडली आणि अबू नासरना बसायला सांगितलं. दोघांमध्ये हातभराचं अंतर. चहा मागवला. चहा संपेपर्यंत काही बोलले नाहीत. "म्हातारा बघत होता, साहेबाचा तोंड लाल लाल झाला," हुसेनभाई सांगायचा. "मंग म्हातारा उठला, साहेबाच्या हाताला धरलान, आत ओढलान. बोलला, बांध तुला काय बांधायचं ता."

त्या दिवसापासून दोघांची जी मैत्री जमली, ती अबू नासर जाईपर्यंत. अर्दियातल्या आपल्या घरामागची दोन खोल्यांची बैठी जागा त्यांनी मुहंदिसांना राहायला दिली आणि त्यांच्या राहण्याच्या परवान्यासाठी आपलं नाव लावलं. मुहंदिसांना बायको नव्हती, पोरं नव्हती. फ्रान्समध्ये एक भाची होती, ती नाताळात फोन करायची. बाकी त्यांचं जे काही होतं ते अबू नासरच्या कुंपणात होतं.

शुक्रवारी सकाळी मात्र ते बाहेर पडायचे. हुसेनभाई गाडी काढायचा आणि दोघं मुहंदिसांच्या इमारती बघायला जायचे. एकदा मलाही नेलं. मी चांगली साडी नेसून गेले, वाटलं दोन-चार सुंदर वास्तू बघायला मिळतील. पहिल्या ठिकाणी वाहनतळ होता. मुहंदिस काच खाली करून म्हणाले, "हितं शाळा." दुसऱ्या ठिकाणी चकचकीत मॉल. "हितं बाजार." तिसऱ्या ठिकाणी नुसतंच पत्र्याचं कुंपण आणि आत खड्डा. तिथे हुसेनभाईच म्हणाला, "ही गेल्या वर्षी गेली." आम्ही असे फिरत राहिलो, एखाद्या घरी दुखवट्याला जावं तसे, चहा न घेता. मला गलबलून आलं. ते ओळखून म्हणाले, "अगो, रडतंस कशाला? इमारत पडायचाच असतो. माझा काय, नि दुसऱ्याचा काय." आणि वाहनतळाच्या कोपऱ्यात एका ट्रकच्या सावलीत चारजण पत्ते खेळत बसले होते, त्यांच्याकडे बोट करून खुशीत म्हणाले, "तो ट्रक बघ. माझ्यापेक्षा चांगला आर्किटेक्ट." फिरून झाल्यावर उभी अशी एकच इमारत उरली होती. आमची.

त्याच शुक्रवारी दुपारी त्यांच्याकडे जेवायला थांबले. हुसेनभाईने बांगडा तळला होता आणि तांदळाच्या भाकऱ्या. मुहंदिस हाताने जेवायचे, काटे असे सफाईने बाजूला काढायचे की माझ्यासारख्या देशावरच्या बाईने बघत बसावं. खोलीत फारसं सामान नव्हतं. पांढऱ्या भिंती, एक पलंग, पुस्तकं, आणि जेवणाच्या टेबलासमोर, त्यांच्या खुर्चीवरून डोळ्यांसमोर येईल असा एकच मोठा काळापांढरा फोटो. एक लांब पांढरी इमारत. भिंत इतकी सरळ, इतकी स्वच्छ की बघणाऱ्याने श्वास रोखावा. तिच्या पायथ्याशी माणसांची एक रांग, मुंग्यांएवढी.

"किती सुंदर आहे," मी म्हणाले. हुसेनभाईने हातातलं भांडं जरा जोरातच ठेवलं.

मुहंदिसांनी हात धुतले, कोट घातला, आणि पुढचं सगळं इंग्रजीत सांगितलं. कोकणीत सांगण्यासारखं ते नसावं.

उत्तर आफ्रिकेच्या किनाऱ्यावरचं एक बंदराचं गाव. तिथे तेव्हा फ्रेंचांचा अंमल. मुहंदिसांची पंचविशी, सरकारी बांधकाम खात्यात नोकरी, आणि स्वतंत्रपणे मिळालेलं पहिलं काम म्हणजे एक दवाखाना. दवाखान्याला दोन दारं हवी होती. एक फ्रेंच लोकांसाठी, एक गावच्या लोकांसाठी. "दोन दारं हा वरचा हुकूम होता," ते म्हणाले. "त्याचा दोष मी त्यांना देतो. पण सावली कुठल्या दाराला द्यायची, हे मला कुणीही सांगितलं नव्हतं. कागदावर उत्तरेच्या बाजूला कमानी शोभल्या, म्हणून त्या फ्रेंचांच्या दाराला दिल्या. दक्षिणेला कोरी भिंत छान दिसली. तिच्यापुढे माणसं उभी राहणार आहेत, दिवसभर, आजारी माणसं, हे मला सुचलंच नाही. मी वाईट माणूस नव्हतो. मला फक्त सुचलं नाही."

इमारत झाली, दवाखाना सुरू झाला, आणि ते कॅमेरा घेऊन तिचा फोटो काढायला गेले. मासिकात द्यायचा होता. भिंत किती उंच आहे हे कळायला फोटोत माणसं लागतात. माणसं तिथे होतीच, दक्षिणेच्या दारापुढे रांग लागलेली होती. पण प्रकाश हवा तसा नव्हता. भिंतीवरच्या खाचा उठून दिसायला सूर्य आणखी चढायला हवा होता. ते थांबले. रांग चुळबुळत होती, कुणी बसत होतं, कुणी पदरासारखं काहीतरी डोक्यावर ओढत होतं. मुहंदिसांना त्यांच्या भाषेतले दोनच शब्द येत होते, ते त्यांनी ओरडून सांगितले. "हलू नका!" गोऱ्या साहेबाने सांगितलं, तर लोक हलले नाहीत. दुपारपर्यंत.

"डावीकडून तिसरी ती बाई," मुहंदिस म्हणाले. मी उठून फोटोजवळ गेले. तिच्या कडेवर मूल होतं, त्याचं डोकं तिच्या खांद्यावर कलंडलेलं. "ती त्याला दुसऱ्या खांद्यावर घ्यायला गेली. मी हात वर केला. ती तशीच थांबली."

"आणि ते मूल?" मी विचारलं.

"मी विचारलं नाही. मला विचारता आलं नसतं. मला तेवढेच दोन शब्द येत होते."

फोटो छापून आला. कौतुक झालं, बढती मिळाली. पुढे काही वर्षांनी तिथला झेंडा बदलला, फ्रेंच लोक बोटी भरून परतले, तसे तेही परतले. मायदेशात त्यांचं मन लागेना. एखाद्या मोठ्या कचेरीत कोरी भिंत काढायला बसले की हात थांबायचा. मग कुवेतला काम आहे असं कळलं आणि इकडे आले. इथे आल्यावर त्यांनी पहिली गोष्ट केली ती ही, की कामावरच्या माणसांच्या भाषा शिकले. अरबी शिकले, हिंदी शिकले, आणि गवंडीकामावर राजापूर-रत्नागिरीचे लोक होते म्हणून त्यांची बोलीही शिकले. आम्ही सगळे ज्याला गंमत समजत होतो, ती गंमत नव्हती.

फोटो भिंतीवरून काढून टाका असं म्हणायचं माझ्या जिभेवर आलं होतं. म्हटलं नाही. हुसेनभाई मला दारापर्यंत सोडायला आला आणि हळूच म्हणाला, "मी दोनदा काढून ठेवला होता ओ ताई. साहेब जेवायलाच बसला नाय."

त्यानंतर आलेल्या हिवाळ्यात बातमी आली, क्लिनिक पाडणार. अबू नासर वारल्यावर सगळा कारभार त्यांच्या मुलाकडे, नासरकडे आला होता. नासर वाईट नव्हता, हे मला पुन्हा पुन्हा सांगावंसं वाटतं. अमेरिकेत शिकलेला, आम्हा सगळ्यांशी अदबीने बोलणारा. नवी इमारत काचेची, खाली पार्किंग, वर सहा मजले. ओट्यावर लोक बसतात, थुंकतात, चांगले पेशंट बिचकून पुढच्या क्लिनिकमध्ये जातात, हे तो म्हणायचा आणि ते खोटंही नव्हतं.

मुहंदिसांना कळलं तेव्हा ते पाय उचलता उचलता थांबले. पाय तसाच हवेत. मग म्हणाले, "मालक वर आहे काय?"

हुसेनभाईचा चेहरा उतरला. त्याने कोकणीत, खालच्या आवाजात समजावलं, "साहेब, गप ऱ्हवा. ऱ्हायचं घर त्यांचा, कागद त्यांचा. उद्या बोलले निघा, तर ह्या वयात जानार खयं?" ते त्यांनाही ठाऊक होतं. तरी वॉकर वळवलाच. मला सोबत चल म्हणाले. आधार म्हणून असेल, साक्षीदार म्हणून असेल.

नासर खुर्चीतून उठला, त्यांच्या कपाळाचं चुंबन घेतलं, वडलांच्या मित्राचं घेतात तसं. स्वतःच्या हाताने कॉफी ओतली. म्हणाला, "काका, नव्या इमारतीत तुमच्या नावाची पितळी पाटी लावणार आहे. आत शिरताच दिसेल अशी."

"नाव नको," मुहंदिस म्हणाले. "बाहेर बसायला जागा ठेव."

"आत बसायला जागा आहे की. सगळीकडे एसी."

"बसवाल्या लोकांना आत येऊ देशील?"

नासरने कॉफीची किटली खाली ठेवली. खोटं बोलला नाही, याबद्दल मी त्याला मानते. म्हणाला, "काका, ते माझं काम नाही."

मला वाटलं आता मुहंदिस ते खुर्चीचं अस्त्र काढतील, उन्हात बसून दाखवतील. पण पंच्याऐंशीच्या पुढे तसं करता येत नाही, आणि त्यांना उन्हात बघून हात धरून आत ओढणारा माणूस कबरीत होता. त्यांनी कॉफीचा पेला हलवून परत दिला, म्हणजे बास. आणि एवढंच मागितलं, "मग पुढच्या थंडीत पाड. नोव्हेंबरात. उन्हाळ्यात पाडू नकोस. लोकांना दुसरी जागा शोधायला वेळ मिळेल."

"बस्स, एवढंच?" नासर म्हणाला. त्याला खरंच हलकं वाटलं. "दिला शब्द."

त्या शब्दावर मुहंदिस खूश होते. इमारतीसाठी नाही, त्या एका उन्हाळ्यासाठी. व्यायाम नेमाने करायला लागले. जाताना दर वेळी पाच-दहा मिनिटं बाहेरच्या ओट्यावर टेकायचे, जलीबच्या माणसांमध्ये. त्यांच्यापैकी कुणालाही ठाऊक नव्हतं हा कोण. एकदा एकाने सरकून जागा देत विचारलं, "चाचा, बस का इंतजार?" मुहंदिस म्हणाले, "हां, बेटा." आणि त्याने सोललेली संत्र्याची फोड घेऊन खाल्ली.

मग काय झालं ते कुणी मुद्दाम केलं असं मी म्हणणार नाही. नासर उन्हाळ्यात कुटुंबाला घेऊन परदेशी गेला, इथले सगळेच जातात. परवाना अपेक्षेपेक्षा आधी हातात आला. ठेकेदाराची यंत्रं रिकामी उभी होती. त्याला थंडीबद्दल कुणी बोललंच नव्हतं. नासरला ते सुचलं नाही. आमचं सामान रस्त्यापलीकडच्या इमारतीत पहिल्या मजल्यावर हलवलं आणि जुलैत पाडकाम लागलं. उन्हाळ्यात भर दुपारी उघड्यावर काम करायला बंदी असते, त्यामुळे पाडणारे कामगारही दुपारी थांबायचे. पहिल्या दिवशी ते त्याच ओट्यावर, त्याच छज्ज्याखाली आडवे झाले, टोप्या तोंडावर घेऊन. चार वाजता उठले आणि आधी छज्जा पाडला, मग ओटा. मी खिडकीतून बघत होते. दुसऱ्या दिवशी त्यांना आडवं व्हायला जागा नव्हती.

मुहंदिसांना सप्टेंबरात न्यूमोनिया झाला आणि ते गेले. नोव्हेंबर त्यांनी पाहिला नाही. आज तिथे काचेची इमारत आहे आणि पितळी पाटीही आहे, नासरने शब्दाप्रमाणे लावली. हुसेनभाई राजापूरला परत गेला. जाताना तो फोटो त्याने नेला की टाकला, मी विचारलं नाही.

पण मला त्यांना शेवटचं बघितलेलं आठवतं ते पाडकामानंतर आठवड्याभराने. दुपारची वेळ. मी नव्या खोलीत पडदा ओढायला गेले तर रस्त्यापलीकडे बसची रांग दिसली. ओटा गेला होता, त्याच्या जागी पत्र्याचं कुंपण उभं होतं, पण माणसं सवयीने तिथेच, ओट्याच्या जागेवर, पत्र्याकडे पाठ करून ओळीने उभी होती. लख्ख उन्हात. मागे एक लांब पांढरा पत्रा आणि पुढे माणसांची रांग. हे आपण कुठे बघितलंय ते आठवायला मला एक क्षण लागला, आणि तेवढ्यात त्यांची गाडी येऊन थांबली.

मी धावत खाली गेले. मुहंदिस वॉकर टेकत कुंपणाशी पोचले होते. सवयीने त्यांनी तळवा पत्र्याला लावला आणि चटका बसून झटकन काढला. च्च केलं नाही. हुसेनभाई छत्री धरून मागे मागे. "साहेब, चला ओ, बघितला ना, चला." त्यांनी वॉकर वळवला आणि ते रांगेच्या शेवटी जाऊन उभे राहिले. त्यांच्यापुढे एक फिलिपिनो बाई होती, युनिफॉर्ममधली, हातात जड पिशवी. हुसेनभाईने छत्री त्यांच्या डोक्यावर धरली तर त्यांनी ती ढकलली. "माझ्यावर नको. तिच्यावर धर."

मग मी दिसले. "बाय," ते म्हणाले, "फोटो काढ."

मी रडत होते, लपवलं नाही. फोन वर केला. फोन बघताच रांग ताठ झाली, लोक होतात तशी. डबे खाली ठेवले, हात सरळ केले, कुणी टोपी नीट केली. सगळे गोठल्यासारखे उभे राहिले आणि माझ्याकडे बघू लागले.

"नाय! नाय!" मुहंदिस ओरडले. एवढा मोठा आवाज मी त्यांचा कधी ऐकला नव्हता. वॉकर सोडून त्यांनी दोन्ही हात वर केले आणि येत होत्या तेवढ्या सगळ्या भाषांत ओरडत सुटले. "हला! हला रे सगळे! हिलो, भाई, हिलो! यल्ला, तहर्रकू!" लोक आधी दचकले, मग हसले. कुणी शेजाऱ्याला ढोसलं, कुणी पाय झाडले. त्या बाईने पिशवी या हातातून त्या हातात घेतली. मी बटण दाबलं. तो फोटो माझ्याकडे आहे. त्यात एकही चेहरा धड आलेला नाही, त्यांचाही नाही.

बस आली. सगळे चढले, धूळ उडवून ती निघून गेली आणि पत्र्यापुढे ते एकटे उरले. हुसेनभाईने गाडीचं दार उघडून धरलं होतं.

"चला साहेब."

"थांब जरा," मुहंदिस म्हणाले आणि डोळ्यांवर हात धरून जलीबच्या रस्त्याकडे बघत राहिले. "छत्री मिटू नको. अजून कोण येतो काय बघ."